आधी गुन्हा घडला का, ते बघ

चि. पोरीस,
अनेक आशीर्वाद.

तुझं पत्र पोचलं. सनद मिळून आठ महिने झाले तरी सीनिअर फक्त तारखा मागायला उभं करतात. गावातले लोक ग्रामपंचायतीला उभी राहा म्हणतात, ते तुला कमीपणाचं वाटतं. म्हणून तुला जॉन मर्सर लँगस्टनबद्दल सांगतो. अमेरिकेतला हा कृष्णवर्णीय वकील कित्येक वर्षं माझ्या मनात घर करून आहे.

त्याचा जन्म 1829चा, व्हर्जिनियातला. बाप गोरा मळेवाला, आई गुलामीतून मुक्त झालेली. 1834 मध्ये दोघंही गेले आणि पोर ओहायोत बापाच्या स्नेह्याकडे वाढलं. 1839 मध्ये ते कुटुंब मिसूरीला निघालं. तिथे गुलामगिरी कायदेशीर होती. मुलाचं स्वातंत्र्य आणि बापाने मृत्युपत्रात ठेवलेली मालमत्ता, दोन्ही धोक्यात आलं असतं. सावत्र भावाने कोर्टात धाव घेतली आणि कोर्टाने त्याला नेऊ दिलं नाही. ज्यांना तो आईबाप मानत होता त्यांच्यापासून कोर्टानेच तोडलं, आणि वाचवलंही कोर्टानेच. नऊ वर्षांच्या पोराची कायद्याशी पहिली ओळख ही.

ओबरलिन कॉलेजातून तो 1849 मध्ये पदवीधर झाला, पण लॉ स्कूलची दारं बंद. न्यूयॉर्क राज्यातल्या एका ठिकाणी तर सुचवलं गेलं की फ्रेंच किंवा स्पॅनिश आहेस असं सांग, मग बघू. तो नाही म्हणाला. मग इलिरियात फिलेमन ब्लिस या वकिलाच्या हाताखाली कायदा वाचला. 1854 मध्ये सनद मिळाली, तीही कशी? ओहायोत वकिली गोऱ्यांसाठी राखलेली. कोर्टाने ठरवलं की याच्या अंगात गोरं रक्त अर्ध्याहून जास्त आहे, तेव्हा चालेल. हे वाचताना मला आजही संताप येतो. पण त्याने सनद घेतली आणि कामाला लागला.

1855 मध्ये ब्राउनहेल्म या छोट्या टाउनशिपचा, म्हणजे आपल्या ग्रामपंचायतीसारख्या स्थानिक संस्थेचा, क्लार्क म्हणून तो निवडून आला. मतदार गोरे, काम दप्तर सांभाळण्याचं. निवडणुकीने सार्वजनिक पद मिळवणाऱ्या अमेरिकेतल्या अगदी पहिल्या कृष्णवर्णीयांत त्याचं नाव घेतात, ते या पदामुळे. गुलामगिरीविरुद्ध लढणारा कृष्णवर्णीय नेता फ्रेडरिक डग्लस, त्याला त्याने ही बातमी किती आनंदाने कळवली होती!

आता तुझ्या कामाची गोष्ट. 1862च्या हिवाळ्यात ओबरलिनमध्ये एडमोनिया लुईस या विद्यार्थिनीवर आरोप आला की तिने दोन गोऱ्या मैत्रिणींना मसाल्याच्या वाइनमधून विष दिलं. मुली आजारी पडल्या होत्या, गाव खवळलं होतं. चौकशीआधीच काही जणांनी एडमोनियाला उचलून नेलं आणि बेदम मारून थंडीत शेतात टाकून दिलं. लँगस्टनने वकीलपत्र घेतलं. तिच्या स्वभावाबद्दल, गावाच्या द्वेषाबद्दल बोलण्यासारखं खूप होतं. त्याने धरलं ते एवढंच: विष पोटात गेलं याला पुरावा काय? डॉक्टरांनी तपासणीसाठी काही राखूनच ठेवलं नव्हतं. गुन्हा घडला हेच सिद्ध होत नसेल, तर तो कोणी केला हा प्रश्नच उरत नाही. ती सुटली, आणि पुढे रोममध्ये संगमरवरात काम करणारी नावाजलेली शिल्पकार झाली.

मी तुझ्याएवढा असताना एका मारहाणीच्या खटल्यात सूडबुद्धीवर तासभर बोललो. पंचनाम्यातली वेळ आणि डॉक्टरी दाखल्यातली वेळ जुळत नव्हती, हे मला निकालानंतर दिसलं. अशिलाला शिक्षा झाली. त्याच्या आईचा कोर्टाच्या पायरीवरचा चेहरा अजून डोळ्यांसमोरून हलत नाही.

लँगस्टन पुढे हॉवर्ड विद्यापीठाच्या कायदा विभागाचा पहिला डीन झाला. 1888ची काँग्रेसची, म्हणजे अमेरिकेच्या संसदेची, निवडणूक त्याने व्हर्जिनियातून लढवली. त्याचा प्रतिस्पर्धी विजयी घोषित झाला, त्यावर तो दाद मागत राहिला. सप्टेंबर 1890 मध्ये जागा मिळाली तेव्हा मुदतीचे सहा महिनेही उरले नव्हते. सभागृहात मतमोजणीचा हिशेब मांडायची पाळी आली, तेव्हा ब्राउनहेल्मचं दप्तर त्याला आठवलं असेल असं मला आपलं वाटतं.

ग्रामपंचायतीचा अर्ज भर. आणि मंगळवारच्या तारखेच्या फाइलची झेरॉक्स काढून मला पाठव, पंचनाम्याची पानं वर ठेव. रविवारी फोनवर बसून ओळ न ओळ बघू.

तुझा,
काका