थ्रेशरचा नंबर अन् इंटरनेटची सुरुवात

प्रश्न : राम राम भाऊ, आमी सहा जणांनी मिळून थ्रेशर घेतलं पण सोयाबीन निघालं की कोणाकडे आधी जाईल यावरून दरवर्षी कटकट. पोरगा म्हणते इंटरनेटही असंच वाटून वापरासाठी निघालं, मास्तर म्हणतात अणुबॉम्बच्या भीतीनं. खरं काय बाप्पा? (एक शेतकरी, ता. दारव्हा, जि. यवतमाळ)

उत्तर : पोरगा जिंकला. मास्तरांचंही अगदीच चूक नाही, पॉल बॅरन या अमेरिकन इंजिनिअरनं हल्ल्यात टिकणाऱ्या नेटवर्कवर काम केलं होतं अन् पैसाही अमेरिकेच्या संरक्षण खात्याचाच, पण ज्या आर्पानेट नावाच्या नेटवर्कपासून इंटरनेट झालं ते निघालं वेगळ्याच वैतागातून. 1966 मध्ये आर्पात, म्हणजे त्याच खात्याच्या संशोधन संस्थेत, बॉब टेलर नावाचे साहेब होते, त्यांच्याकडे तीन टर्मिनल, म्हणजे दूरच्या कॉम्प्युटरवर काम करायची कीबोर्डवाली यंत्रं, एक एमआयटी विद्यापीठाच्या कॉम्प्युटरचं, एक बर्कलीचं, एक सांता मोनिकाचं, तिन्हीच्या कमांड वेगळ्या, म्हणजे इकडचं काम संपलं की उठा अन् दुसऱ्या टर्मिनलपुढं जाऊन बसा. वरून ज्याला त्याला स्वतःचा मोठा कॉम्प्युटर पाहिजे, अन् तो तेव्हा भयंकर महाग.

मग 1967 मध्ये आर्पातल्याच लॅरी रॉबर्ट्सनी सगळे कॉम्प्युटर जोडून वाटून वापरायचं काढलं तर कॉम्प्युटरवालेच अडून बसले, आमच्या मशीनवर दुसऱ्याचा लोड काहून? हे तुमच्या गटासारखंच झालं की नाही! तोड काढली वेस्ली क्लार्क या कॉम्प्युटर तज्ज्ञानं, मोठ्या मशीनला हात लावू नका, प्रत्येक ठिकाणी एक छोटा कॉम्प्युटर ठेवा, निरोपांची ने-आण तोच करेल. त्याला इम्प म्हणायचे, बीबीएन कंपनीनं हनीवेलच्या मशीनवर बनवला. मोठा निरोप तुकडे करून पाठवायचा अन् तिकडे पुन्हा जोडायचा, जसा एका ढिगाचा कापूस चार बंड्यांत भरून जिनिंगला जाते, बंड्या वेगळ्या रस्त्यानं गेल्या तरी चालते.

29 ऑक्टोबर 1969 ला लॉस एंजेलिसच्या यूसीएलए विद्यापीठातून चार्ली क्लाइन या विद्यार्थ्यानं स्टॅनफर्डच्या संशोधन संस्थेतल्या कॉम्प्युटरला 'लॉगिन' टाइप करायला घेतलं, एल गेला, ओ गेला, अन् तिकडचं सिस्टीम बसलं. तासाभरानं जमलं. डिसेंबरपर्यंत सांता बार्बरा अन् युटा धरून चार ठिकाणं जोडली गेली. गंमत म्हणजे मशीन वाटून घ्यायला केलेल्या नेटवर्कवर पुढं सगळ्यात जास्त गर्दी ईमेलची झाली.

तुमच्या थ्रेशरचा नंबर लावायला असा माणूस पाहा ज्याच्या वावरात यंदा सोयाबीनच नाही.