शरदातलं मात्सुमोतो: एकट्या प्रवाशांचे प्रश्न

जपानमधल्या मात्सुमोतो या किल्ल्याच्या शहरी दोन-तीन दिवस एकट्याने जाऊ पाहणाऱ्या वाचकांची बरीच पत्रं आली आहेत. त्यातले निवडक प्रश्न आणि त्यांची उत्तरं.

ऑक्टोबरच्या शेवटी जावं की नोव्हेंबरच्या मध्यावर? पानांचे रंग नेमके कधी भरात असतात?

तारीख ठरवण्याआधी उंची बघा. मात्सुमोतो शहर समुद्रसपाटीपासून सुमारे ६०० मीटरवर आहे आणि जवळचं कामिकोचीचं खोरं १५०० मीटरवर. रंग वरून खाली उतरत येतो. कामिकोचीत ऑक्टोबरचा मध्य उत्तम, तिथले लार्च वृक्ष सोनेरी होतात ते महिन्याच्या अखेरीस. शहरात मात्र नोव्हेंबरचा पहिला-दुसरा आठवडा उजाडावा लागतो. दोन्ही ठिकाणं एकाच दिवशी ऐन भरात मिळणं अवघड. दोन्ही हवीच असतील तर ऑक्टोबरचे शेवटचे चार-पाच दिवस धरा: वर सोनेरी लार्च आणि खाली शहरात रंग चढायला सुरुवात. फक्त किल्ला आणि शहरच बघायचं असेल तर सरळ नोव्हेंबर घ्या. कामिकोची १५ नोव्हेंबरनंतर हिवाळ्यासाठी बंद होतं, हे विसरून आखणी करणारे दरवर्षी निराश होतात.

दोन सुट्ट्या टाळा: ऑक्टोबरच्या दुसऱ्या सोमवारला जोडून येणारा लांब शनिवार-रविवार आणि ३ नोव्हेंबरचा संस्कृती दिन. या दिवसांत किल्ल्याच्या आत जायला तासाहून अधिक रांग लागू शकते.

थंडीचा अंदाज बहुतेकांचा चुकतो. नोव्हेंबरात दुपारी १२-१३ अंश असतात, पण पहाटे पारा २-३ अंशांपर्यंत उतरतो. एका जाड कोटापेक्षा एकावर एक घालायचे तीन थर बरे.

टोकियोहून सकाळी निघून रात्री परतता येईल का?

येईल, पण करू नका. टोकियोतल्या शिंजुकु स्थानकाहून आझुसा ही जलद गाडी अडीच-पावणेतीन तास घेते. म्हणजे तुम्ही किल्ल्यापाशी पोचणार साडेदहा-अकराला, ऐन गर्दीत. नोव्हेंबरात सूर्य पावणेपाचच्या सुमारास मावळतो आणि किल्ल्यात शेवटचा प्रवेश साडेचारला. दिवस हातात येईपर्यंत संपलेला असतो. दोन मुक्काम करा. पहिल्या दिवशी दुपारी पोचा, खंदकाभोवती फिरून घ्या आणि आत जाणं दुसऱ्या दिवशी सकाळी साडेआठसाठी राखून ठेवा.

आता गाडीबद्दल, कारण इथेच जास्त चुका होतात. आझुसामध्ये बिनआरक्षित डबा नाही. आसन न ठरवताही तिकीट काढता येतं. मग आसनावरच्या छोट्या दिव्याकडे लक्ष ठेवायचं. लाल म्हणजे जागा रिकामी, पिवळा म्हणजे पुढे लवकरच कुणीतरी येणार, हिरवा म्हणजे जागा विकली गेलेली. आपल्याला लाल म्हणजे ‘थांबा’ वाटतं. इथे नेमकं उलट. शरदातल्या शनिवारी असा दिवा शोधत डबे पालथे घालण्यापेक्षा आसन आधी नक्की करा. आरक्षण महिनाभर आधी, सकाळी १० वाजता सुरू होतं. भाडं एका बाजूचं सात हजार येनच्या आसपास.

दुसरी चूक: शिंजुकुहून याच मार्गावर काइजी नावाची गाडीही सुटते. ती वाटेतल्या कोफु शहराच्या आसपासच संपते, मात्सुमोतोपर्यंत जात नाही. फलकावर गाडीचं नाव आणि शेवटचं स्थानक दोन्ही वाचा. खिडकी डावीकडची घ्या. आकाश निरभ्र असेल तर कोफुच्या परिसरात पुढच्या डोंगरांवरून फुजीचा माथा डोकावतो.

सात दिवसांचा जेआर पास (परदेशी पर्यटकांसाठीचा रेल्वे पास) काढावा का?

नाही. तो ५०,००० येनचा आहे आणि टोकियो-मात्सुमोतो जाऊन-येऊन त्याच्या तिसऱ्या हिश्श्याहूनही कमी खर्च येतो.

माझे गुडघे थोडे दुखतात. किल्ला चढणं जमेल का? आत बघण्यासारखं काय आहे?

आधी खरं ते सांगतो. मुख्य बुरूज मूळचा, १५९० च्या दशकातला, लाकडी. जपानात असे मूळ बुरूज १२च उरले आहेत आणि त्यांतले राष्ट्रीय ठेवा ठरलेले ५. लिफ्ट नाही, बसवणारही नाहीत. जिने म्हणजे जवळजवळ शिड्याच. चौथ्या आणि पाचव्या मजल्यांमधला जिना ६१ अंशांत उभा आहे आणि काही पायऱ्या ४० सेंटिमीटरपर्यंत उंच. चढणं त्यामानाने सोपं, गुडघ्यांची परीक्षा उतरताना होते. जिन्याकडे तोंड करून, कठडा धरून, शिडीवरून उतरतात तसं उतरा. मागचे लोक थांबतात, घाई करत नाहीत.

चपला-बूट प्रवेशालाच काढावे लागतात. एक पिशवी मिळते, त्यात बूट घालून ते सोबत वागवायचे. म्हणजे एक हात आधीच अडकला. म्हणून पाठीवर छोटी सॅक हवी; बूट तिच्यात टाकले की दोन्ही हात मोकळे. खांद्याला लटकणारी पर्स जिन्यावर पुढे घसरून येते आणि नेमकी पायाखाली येते. शतकानुशतकं पावलांनी घासून गुळगुळीत झालेल्या फळ्यांवर साधे पायमोजे सरकतात, तळव्याला रबराचे ठिपके असलेले मोजे आणा. नोव्हेंबरात या फळ्या बर्फासारख्या गार असतात, त्यामुळे मोजे जाडही हवेत. बूट लेसशिवाय चढवता येतील असे निवडा. साडी किंवा लांब घेरदार कपडे इथे नकोत.

आत तासभर धरा. बाहेरून पाच छतं मोजता येतात, आत मजले मात्र सहा. तिसरा मजला बाहेरून कळतच नाही. त्याला खिडक्या नाहीत, म्हणून तो अंधारा. खालच्या मजल्यांच्या भिंतींतले अरुंद झरोके नीट बघा. उंच आणि चिंचोळे ते बाणांसाठी, चौकोनी ते बंदुकांसाठी. सगळे मिळून ११५. मग आग्नेयेला जोडलेल्या चंद्रदर्शनाच्या दालनात या, आणि थोडं थांबाच. ते मुख्य बुरुजाहून सुमारे ४० वर्षांनी लहान आहे, लढाया संपल्यानंतरचं. तीन बाजूंनी उघडं, लाल कठड्याचं, आणि त्यात एकही झरोका नाही. दहा पावलांत युद्धकाळातून शांततेच्या काळात आल्यासारखं वाटतं. एवढं एक दालन बघण्यासाठीसुद्धा आत जावं.

गुडघे खरंच साथ देत नसतील तर खंदकाबाहेरूनच बघा. त्यात कमीपणा काही नाही, बाहेरून पैसेही पडत नाहीत. सकाळी लवकर, वारा सुटण्याआधी, दक्षिणेकडच्या काठावर उभं राहिलं की काळ्या लाखेच्या भिंतींचं प्रतिबिंब पाण्यात अखंड दिसतं. ही लाख दरवर्षी नव्याने लावतात.

मी शाकाहारी आहे. सोबा तर चालेल ना?

नूडल चालतील, त्यांच्यासोबतची आमटी नाही. सोबा कुट्टूच्या पिठाचा, पण बुडवून खायच्या रसात जवळपास सगळीकडे वाळवलेल्या बोनितो माशाचा अर्क असतो. तो डोळ्यांना दिसत नाही, म्हणून ‘यात मासा नाही’ असं वेटरही मनापासून सांगून जातो. ‘मांस नको’ एवढं म्हणणं पुरत नाही. माशाचा अर्क, म्हणजे ‘कात्सुओ दाशी’, चालत नाही असं जपानीत लिहून फोनवर तयार ठेवा. गार सोबा रसाऐवजी मिठासोबत मागता येतो. शरदात नव्या पिकाचा सोबा येतो, त्याचा वास मिठासोबत अधिक खुलतो, त्यामुळे ही नुसती तडजोड ठरत नाही. पोट भरायला ओयाकी, या भागातले सारण भरलेले कणकेचे गोळे. गोड लाल घेवड्याच्या सारणाचे त्यातल्या त्यात निर्धोक. पालेभाजीच्या सारणात दाशी असू शकते, तेव्हा विचारून घ्या.

सोबाची छोटी दुकानं दुपारीच उरकतात, माल संपला की दार बंद. साडेअकराला जा. एकट्याला गल्ल्यासमोरच्या बाकावर जागा पटकन मिळते. ‘हितोरी देस’ म्हणजे ‘मी एकच’, एवढं पुरतं.

एकटीने कुठे राहावं? गरम झऱ्याच्या सरायीत राहायची फार इच्छा आहे.

बऱ्याच पारंपरिक सरायी शनिवारी एकट्या पाहुण्याला खोली देत नाहीत, कारण त्यांचा हिशेब माणशी असतो. रविवार ते गुरुवार बघा, मग मिळते. असामा ओन्सेन हा गरम झऱ्यांचा भाग शहरातच, बसने जाण्याच्या अंतरावर आहे. रात्रीचं जेवण सरायीतच घेणार असाल तर पोचायची वेळ कळवा आणि ती पाळा. पहिली रात्र स्टेशनजवळच्या बिझनेस हॉटेलात, दुसरी सरायीत, अशी विभागणी चांगली. स्टेशन ते किल्ला पायी १५-२० मिनिटं. वाटेत नाकामाची गल्लीतली काळ्या-पांढऱ्या भिंतींची जुनी कोठारं लागतात.

कामिकोची एका दिवसात होईल?

होईल. मात्सुमोतोहून रेल्वेने अर्ध्या तासावर शिन-शिमाशिमा, तिथून बसने साधारण एक तास. खाजगी गाड्यांना वर बंदी आहे. ताइशो तळ्याच्या थांब्यावर उतरा, शेवटपर्यंत जाऊ नका. हे तळं १९१५ मध्ये याकेदाके ज्वालामुखीच्या उद्रेकाने नदी अडल्यामुळे तयार झालं. तिथून काप्पा पुलापर्यंत वाट सपाट, साधारण चार किलोमीटर, रमतगमत दीड तास. ऊन डोंगराआड लवकर जातं आणि तीननंतर परतीच्या बसला गर्दी होते. म्हणून सकाळची पहिली-दुसरी बस धरा आणि परतीची व्यवस्था जातानाच करून ठेवा. अस्वलांचा वावर असतो. एकट्याने चालताना सॅकला घंटी बांधा आणि खाऊ उघडा वागवू नका.

शेवटच्या दिवशी सामानाचं काय करायचं?

स्टेशनवर नाण्यांचे लॉकर आहेत. मोठे मोजकेच, शनिवार-रविवारी लवकर भरतात. त्यापेक्षा हॉटेलातच ठेवा. खोली सोडल्यावरही संध्याकाळपर्यंत बॅग सांभाळतात. मग मोकळ्या हातांनी किल्ल्याच्या उत्तरेला १८७६ सालची काइची शाळा बघा, नाहीतर स्टेशनपासून चालत जाऊन शहराच्या कला संग्रहालयात याच गावात जन्मलेल्या कलाकार यायोई कुसामा यांचं काम. संग्रहालयं बहुधा सोमवारी बंद असतात. शेवटचा दिवस सोमवार येत असेल तर हे आदल्या दिवशी उरकून घ्या.