काळ वाकवणाऱ्या यंत्राचं मराठी नाव

प्रश्न असा आहे: विज्ञानकथेत ऊर्जा आणि ध्वनिलहरी वापरून काळ वाकवणारं एक तंत्रज्ञान आहे. त्याला 'ध्वनीऊर्जा काल वक्रीकरण यंत्र' म्हटलं तर चालेल का?

आधी लेखन. 'ध्वनी' सुटा असताना दीर्घ, पण समासाच्या पूर्वपदी ऱ्हस्व: ध्वनिवर्धक, ध्वनिमुद्रण. शिवाय पुढे 'ऊर्जा' आली की संधी होऊन 'ध्वन्यूर्जा' होईल, आणि ते कोणत्याही पात्राच्या तोंडी बसणार नाही. त्याहून मोठी अडचण अर्थाची. वाचक हा समास 'ध्वनीची ऊर्जा' असाच सोडवणार. कथेत ऊर्जा वेगळी आणि ध्वनी वेगळा असेल, तर नेमकं तेच हरवतं.

'काल' तोडून लिहू नये. सुटा 'काल' म्हणजे आजच्या आधीचा दिवस. समासात 'काल' (कालगणना, कालमापन), वाक्यात 'काळ' ही वाटणी रुळलेली आहे. वाक्यात एक प्रत्यय मात्र जपून वापरा. 'यंत्राने काळ वाकवला' ठीक आहे. 'काळाला वाकवलं' म्हटलं की 'ला'मुळे काळ सजीव होतो आणि मृत्यूला नमवल्याचा भास होतो. 'काळ आला होता, पण वेळ आली नव्हती' या म्हणीतला काळ तोच.

'वक्रीकरण' व्याकरणाने निर्दोष आहे. करणारा असेल तिथे 'करण', आपोआप होत असेल तिथे 'भवन'. म्हणजे यंत्र करतं ते वक्रीकरण, काळाचं होतं ते वक्रीभवन. पण वक्रीभवन हा शब्द प्रकाशाने आधीच घेतलेला आहे. आणि 'वक्री' म्हटलं की मराठी वाचकाला आठवतो वक्री शनी, म्हणजे उलटा चालणारा ग्रह. कथेत काळ खरोखर मागे जात असेल तर 'काळ वक्री झाला' यासारखं वाक्य नाही, आणि तो पूर्ववत झाल्यावर 'मार्गी झाला' हेही आयतं मिळतं. काळ फक्त मंदावत असेल तर हा शब्द दिशाभूल करेल.

तेव्हा क्रियापद घटनेवरून ठरवावं. सळई वाकवतात, ओघ वळवतात. घड्याळ मंद होत असेल तर काळ 'ताणला जातो' हे जास्त नेमकं. सापेक्षतेत घडतं तेही असंच: जीपीएस उपग्रहावरचं घड्याळ जमिनीवरच्या घड्याळापेक्षा दिवसाला सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातं, कारण जमिनीजवळ गुरुत्वाकर्षण जास्त आणि तिथे काळ अधिक ताणलेला. (कक्षेतल्या वेगामुळे होणारी थोडी घट या आकड्यात धरलेली आहे.)

नावासाठी माझी पसंती 'कालानुनादक'. काल + अनुनादक. 'क' कर्त्याचा, ध्वनिवर्धकातल्यासारखा. झोपाळ्याला त्याच्याच लयीत धक्के दिले की झोका वाढत जातो, तो अनुनाद. यात नाद आहे आणि साठत जाणारी ऊर्जाही आहे, म्हणून दोन्ही घटक वेगळे सांगावे लागत नाहीत. 'कालयंत्र' सोपं आणि रूढ आहे, पण त्यावरून यंत्र चालतं कसं ते कळत नाही.

वर्णनातले शब्दही तपासा. किती हर्ट्झ ती वारंवारिता, किती डेसिबल ती पातळी. 'उच्च ध्वनी' लिहिलं तर दोन्हींपैकी काय ते समजत नाही. २०,००० हर्ट्झच्या वरचा ध्वनी श्राव्यातीत, २० च्या खालचा अवश्राव्य. हवेत साधारण १९४ डेसिबलपुढे लहरीच्या दोन दाबांमधला भाग निर्वात होऊ लागतो, म्हणून '५०० डेसिबलच्या ध्वनिलहरी' हे शब्द एकत्र नांदू शकत नाहीत. तिथे 'आघात तरंग' म्हणावं. निर्वातात ध्वनिलहरी नसतातच. अवकाशात काळ-अवकाश हलवणाऱ्या त्या 'गुरुत्वीय लहरी', ज्यांच्यासाठी हिंगोली जिल्ह्यात लायगो-इंडियाची वेधशाळा योजली आहे. १४ सप्टेंबर २०१५ रोजी पहिल्यांदा टिपलेल्या लहरीची वारंवारिता कानाच्या टप्प्यातली होती, म्हणून तिचा संकेत आवाजात बदलून ऐकवता आला. पण लहर ध्वनीची नव्हती. कथेतलं यंत्र अवकाशात चालत असेल तर 'ध्वनिलहरी' त्याच्या बंदिस्त, हवा किंवा द्रव भरलेल्या कक्षापुरत्याच ठेवाव्या लागतील.