यंत्र सुधारले, चित्र का बिघडले?

प्रश्न : ‘ड्रॅगन बॉल झेड’ या जपानी अ‍ॅनिमे (कार्टून) मालिकेवरचे मारामारीचे जुने व्हिडिओ गेम मी नुकतेच पुन्हा खेळलो. सुपर फॅमिकॉम या निन्टेंडोच्या गेमयंत्रावरचा १९९३ सालचा ‘सुपर बुतोदेन’ आजही देखणा वाटतो. मात्र त्याहून कितीतरी ताकदवान असलेल्या प्लेस्टेशनवरचा १९९७चा ‘फायनल बाउट’ ओबडधोबड दिसतो. असे का व्हावे?

उत्तर : दोष यंत्राच्या ताकदीचा नसून चित्र घडवण्याच्या पद्धतीचा आहे. ‘सुपर बुतोदेन’मधला प्रत्येक पवित्रा ठिपक्याठिपक्याने हाताने रंगवलेला असल्यामुळे मालिकेचा नायक गोकू याचे टोकदार केस कुठल्या पवित्र्यात कसे दिसावेत, हे चित्रकाराच्या हाती होते. अ‍ॅनिमेतले केस मुळात चारी बाजूंनी जुळणारे नसतातच. कोन बदलला की चित्रकार ते सोयीने वळवतो. ‘फायनल बाउट’मध्ये मात्र त्यांची एकच घन आकृती करावी लागली आणि अवघी २ एमबी मुख्य मेमरी असलेल्या यंत्राला झेपतील एवढ्याच बहुभुजांत (घन आकृती ज्यांनी बनते त्या सपाट तुकड्यांत) ती बसवताना केसांचे जाड सुळके झाले. छायाप्रकाशही सपाट रंगाच्या मूळ शैलीशी जुळला नाही.

यावर तोडगा निघाला तो पुढच्या पिढीत. २००३ साली प्लेस्टेशन २ वर आलेल्या ‘बुडोकाई २’मध्ये सेल शेडिंग वापरले गेले. या तंत्रात उजेडापासून सावलीपर्यंतचा हळुवार उतार काढून टाकून दोन-तीन ठसठशीत रंगछटाच ठेवतात, आणि आकृतीभोवती काळी रेघ येते. त्यामुळे घन आकृतीसुद्धा शाईने काढल्यासारखी भासते.

दिसण्याइतकाच अवघड प्रश्न अंतराचा होता, आणि माझ्या मते या गेमची खरी कल्पकता तिथेच आहे. हे योद्धे उडतात, लांबून किरण सोडतात. एका पडद्यात ते मावायचे कसे? ‘सुपर बुतोदेन’ने दोघे दुरावताच पडदाच दोन भागांत विभागला, आणि दुरून किरण सुटला की तो अडवायचा, चुकवायचा की परतवायचा, हे ठरवायला प्रतिस्पर्ध्याला क्षणभर वेळ दिला. २००५च्या ‘बुडोकाई तेनकाइची’ने कॅमेरा योद्ध्याच्या पाठीमागे नेला आणि एकट्याने खेळताना ती फाळणी अनावश्यक ठरली.

तुलना करायचीच असेल, तर सुपर फॅमिकॉमवरचा १९९६चा ‘हायपर डायमेन्शन’ आणि ‘फायनल बाउट’ लागोपाठ खेळून पाहावेत. दोहोंत जेमतेम दीड वर्षाचे अंतर आहे, आणि त्यांतला जुना गेम अधिक ताजा वाटेल.