पणजी रोज अशीच नऊवारी नेसायची का?

प्रिय रेवा,

परवा मंडळाच्या गणपतीहून येताना तू गाडीत विचारलंस, "आई, गावाकडच्या बायका रोज अशी नऊवारी नेसायच्या? मग शेतात काम कसं करायच्या?" शिवलेल्या नऊवारीचं इलॅस्टिक तुझ्या कमरेला काचत होतं, दादाचा केशरी फेटा पुन्हा सुटला होता, आणि मेलबर्नच्या त्या ट्रॅफिकमध्ये मला एवढंच म्हणता आलं की नेसायच्या, पण अशी नाही. राहिलेलं उत्तर आता लिहून देते.

तुम्ही दोघांनी घातलं होतं ते लग्नाकार्यातलं. जरीचं, चमकणारं. आमच्या माणदेशात तसं कुणी रोज वापरत नव्हतं, आणि बहुतेक घरांत ते नव्हतंच. माझी आजी, म्हणजे तुझी पणजी, मी पाहिली ती कायम सुती लुगड्यात. लुगडं नऊ वार, म्हणजे आठ मीटरच्या थोडं वर. एवढं कापड अंगावर बाळगायचं ते कामासाठी. दोन पायांमधून काष्टा मागे खोचला की पाय मोकळे. मग विहिरीच्या पायऱ्या उतरा, बैलगाडीवर चढा, दिवसभर वाकून खुरपा, कुठे काही अडकत नाही. शेताकडे निघताना आजी लुगडं गुडघ्यापर्यंत वर खोचायची आणि पदर कमरेला घट्ट आवळायची. त्याच पदरात येताना शेंगा यायच्या, तांदळीची भाजी यायची, सरपणाच्या काटक्याही यायच्या.

रंग गडद असायचे, हिरवा, तांबडा, काळा, निळा. माती दिसत नाही आणि धुवायला पाणी कमी लागतं. माण म्हणजे दुष्काळी मुलूख, तिथे हा विचार आधी. आमच्याकडे इरकली लुगड्यांचं कौतुक फार. ती येतात इलकलहून, कर्नाटकातल्या बागलकोट जिल्ह्यातून. अंग सुती आणि पदर तेवढा रेशमी, लाल, त्यावर पांढरी नक्षी. दोन्हीचे धागे मागावर एकमेकांत फासे अडकवून जोडतात. चोळीचा खण यायचा त्याच भागातल्या गुळेदगुड्डहून. चोळीला बटण नाही, पुढे गाठ. बाई जाड झाली, बारीक झाली, बाळंत झाली, तरी तीच चोळी चालते. तुझ्या इलॅस्टिकपेक्षा बरी, नाही का?

आता मला सगळ्यात आवडणारी गोष्ट सांगते. वर्षाला दोन लुगडी मिळाली तर बाई नशीबवान, म्हणून एकेक लुगडं पुरवून पुरवून वापरायचं. ते आधी विरतं बसण्याच्या जागी. मग आजी विरलेला भाग कापून काढायची आणि राहिलेले चांगले तुकडे हातशिलाईने पुन्हा जोडायची. याला दंड घालणं म्हणतात. ओसरीवर उजेडाकडे तोंड करून बसायची, दोन्ही कडा एकमेकींवर दुमडून घ्यायची आणि इतके बारीक टाके घालायची की शिवण बोटाला लागायची, डोळ्याला दिसायची नाही. तरी नेसताना ती शिवण बरोबर निऱ्यांच्या आत जाईल असं बघायची. दंड घातलेलं लुगडं घरात आणि शेतात चालायचं, बाजाराला नाही. तेही फाटलं की त्याची बाळोती व्हायची, डोक्यावर घागर ठेवायला चुंबळ व्हायची, बाकीचं वाकळीत, म्हणजे जुन्या कपड्यांच्या थरांच्या गोधडीत, जायचं. माझ्या लहानपणीच्या वाकळीत कुठल्या थरात कुणाचं लुगडं आहे ते आजी सांगू शकायची. अगदी शेवटच्या चिंध्या पिळून त्यांचा काकडा, म्हणजे उजेडासाठीची मशाल, पेटायचा.

पुरुषांचं काम थोडक्यात आटपते, कारण ते फार गुंतागुंतीचं नव्हतंच. धोतर, वर पैरण किंवा बिनबाह्यांची बंडी, डोक्याला मुंडासं, पायात चामड्याच्या जाड वहाणा. रानात काम करताना पुष्कळदा नुसती लंगोटी आणि मुंडासं. मुंडासं म्हणजे लांबच लांब कापड. उन्हापासून डोकं वाचवायचं, ओझं घ्यायचं झालं तर गादीसारखं उपयोगी पडायचं, दुपारी झाडाखाली पसरलं की अंथरूण. खिशांवर कुणी फारसं अवलंबून नसायचं. पैसे कनवटीला, म्हणजे कमरेच्या धोतराच्या खोचणीत, पान-तंबाखू चंचीत, म्हणजे कापडी बटव्यात, आणि बायकांची नाणी पदराच्या गाठीत. आजीच्या त्या गाठीतून निघालेल्या नाण्याला ओल्या कापडाचा वास असायचा.

घोंगडी मात्र थोडक्यात सांगून चालणार नाही. धनगरांच्या मेंढ्या दख्खनी जातीच्या, त्यांची लोकर राठ आणि बहुतेक काळी. धनगरणी ती कातायच्या, सणगर, म्हणजे घोंगड्या विणणारी जमात, मागावर विणायचे. विणून झाल्यावर तिला खळ द्यायचे, चिंचोके वाटून शिजवलेली. ती वाळली की घोंगडी ताठ आणि घट्ट होते, पावसाचं पाणी सहसा आत येत नाही. एका कोपऱ्याची खोळ करून डोक्यावर घेतली की तोच रेनकोट. रात्री तीच पांघरायची, पाहुणा आला की तीच अंथरायची. नवी घोंगडी इतकी टोचते की मी एकदा तिच्यावर झोपून रडले होते. आजोबा म्हणाले, "थोडी माणसाळू दे तिला." कोकणात आणि घाटमाथ्यावर घोंगडीचं काम इरलं करायचं, बांबूच्या सांगाड्यावर पानं बसवलेलं. पाठीवर घेतलं की दोन्ही हात लावणीला मोकळे.

सालगड्याला वर्षाची मजुरी ठरवताना धान्य आणि पैशांबरोबर धोतर, घोंगडी, वहाणा यांचंही बोलणं व्हायचं. कपडा हा पगाराचा भाग होता, एवढा तो महाग.

यात एक गोष्ट कुणी मंडळाच्या स्टेजवरून सांगत नाही, म्हणून मी सांगते. आपल्याला हवं तसं लुगडं नेसायची मुभा गावातल्या प्रत्येकीला नव्हती. जातीवरून ठरायचं की कुणी ते किती लांब नेसावं, कुठला दागिना घालावा. दुरून बाई दिसली की जात कळली पाहिजे, असा त्यामागचा हिशेब. डिसेंबर १९२७ मध्ये महाडच्या सत्याग्रह परिषदेत बाबासाहेब आंबेडकर दलित बायकांशी वेगळं बोलले. लुगडं पायघोळ नेसा, गळ्यातल्या ढीगभर गळसऱ्या आणि हातभर कथलाच्या-चांदीच्या पाटल्या सोडून द्या, असं त्यांनी सांगितलं, कारण याच खुणांवरून त्यांना ओळखून वेगळं काढलं जात होतं. बायकांनी ते लगेच मनावर घेतलं. निऱ्या चार बोटं खाली आल्या एवढंच, पण त्यासाठी पुढे कित्येक गावांत किती बोलणी खावी लागली असतील, याचा विचार कर.

त्याच्याही आधी, १८८८ मध्ये, पुण्यात राणी व्हिक्टोरियाच्या मुलासाठी, ड्यूक ऑफ कॅनॉटसाठी, मेजवानी होती. बडे लोक दागदागिने घालून आलेले. जोतीराव फुले तिथे साध्या शेतकऱ्याच्या वेशात गेले आणि भाषणात म्हणाले की या नटलेल्या लोकांवरून देश कसा आहे ते ठरवू नका. मला त्यांचं भाषण जितकं आवडतं, तितकाच त्या दिवशी काय घालायचं हा त्यांनी घेतलेला निर्णय.

आणि हे सगळं काही हजार वर्षं तसंच चाललेलं नव्हतं. कापड आधी साळी-कोष्टी गावोगावी विणायचे. मुंबईत पहिली कापडगिरणी कावसजी दावर यांनी १८५४ मध्ये काढली, पुढे गिरण्या वाढल्या आणि आमच्या साताऱ्याकडचे, कोकणातले पुरुष त्यांत कामाला गेले. सुट्टीला येताना ते गिरणीचं कापड घेऊन यायचे. ते स्वस्त पडायचं, मग गावचा माग थंडावला. ज्याचा भाऊ माग चालवायचा, तोच गिरणीत साचा, म्हणजे यंत्राचा माग, चालवू लागला. पांढरी टोपी आली ती १९२० च्या सुमाराला, स्वातंत्र्याच्या चळवळीबरोबर. गांधीजींनी स्वतः ती थोडाच काळ घातली, पण आपल्या गावांनी ती सोडली नाही. मुंडाशाच्या मानाने तिला कापड किती लागतं? वीतभर. धुतली, वाळत टाकली, झालं. दुसऱ्या महायुद्धात कापडाची टंचाई इतकी झाली की १९४३ पासून सरकारने त्यावर नियंत्रण आणलं. आप्पा, म्हणजे तुझे आजोबा, अजूनही रेशनच्या जाडसर कापडाला "कंट्रोलचं" म्हणतात.

मग टेरिकॉट, म्हणजे सुतात पॉलिस्टर मिसळलेलं कापड, आलं. न चुरगळणारं, चटकन वाळणारं, फाटता न फाटणारं, आणि उन्हाळ्यात जीव नकोसा करणारं. तरी लोकांनी ते डोक्यावर घेतलं, कारण दंड घालत बसायला नको. दिवाळीला एका ताग्यातून आम्हा भावंडांचे सगळे कपडे शिवले जायचे, रांगेत उभे राहिलो की बॅण्डपथकच. धोतर जाऊन लेंगा आला, पैरण जाऊन शर्ट. शाळेत गेलेल्या मुलींनी पुढे गोल साडी धरली, माझी आईही त्यातलीच. सासरी सुरुवातीला तिला टोमणे बसले, म्हणे ही काय नेसणं, पाय बांधल्यासारखं. शेतात काम करताना तिला ते टोमणे खरेही वाटायचे.

तर आज तिथे रोज काय घालतात? घरात गाऊन, दारात कुणी आलं की खांद्यावर टॉवेल. आणि आत्या डाळिंबाच्या बागेत जाते तेव्हा साडीवर काकांचा जुना फुल शर्ट, गळ्यापर्यंत बटणं लावलेला, तोंडाला स्कार्फ. काटे लागत नाहीत, फवारणी अंगावर उडत नाही, ऊन लागत नाही. महाराष्ट्रातल्या कुठल्याही शिवारात बघ, निम्म्या बायका अशाच दिसतील. पुढच्या वर्षी मंडळात खरा रोजचा मराठी पोशाख करायचा असेल तर हा कर, बाबांचा शर्ट मी देते.

तुला दाखवायला म्हणून मी आत्याकडे तसा फोटो मागितला. तिने पाठवला तो शर्ट काढून, केस विंचरून, पैठणी नेसून सोफ्यावर बसलेला. पुन्हा मागितलाय.

तुझी,
आई