जहाजावरचे इंग्रजी शब्द लिहिल्याप्रमाणे का उच्चारले जात नाहीत?

आपण विचारले आहे की, जहाजावरील नोकरीच्या तोंडी परीक्षेसाठी बी-ओ-ए-टी-एस-डब्ल्यू-ए-आय-एन असा लिहिलेला शब्द कसा वाचावा, आणि असे शब्द लिहिल्याप्रमाणे का उच्चारत नाहीत.

त्याचा उच्चार 'बोसन' असा आहे; बोसन म्हणजे डेकवरील खलाशांचा मुकादम. माझे काका मालवाहू जहाजांवर बोसन होते आणि देवगडच्या घरी त्यांची सीडीसी, म्हणजे खलाशाच्या नोकरीची नोंदवही, अजून जपून ठेवलेली आहे. शाळेत असताना तिच्यातील हुद्द्याचा रकाना मी मोठ्याने 'बोटस्वेन' असा वाचला, तेव्हा हा कोणता हुद्दा, असे त्यांनीच मला विचारले. कारण तो शब्द त्यांनी आयुष्यभर कानांनी ऐकला होता, अक्षरांत कधी निरखला नव्हता.

इंग्रजीत शब्दाच्या पहिल्या अवयवावर जोर पडला की पुढचे अवयव दबतात. त्यातून हे शब्द खलाशांच्या तोंडी रोज घोळणारे, म्हणून ते झिजत गेले आणि स्पेलिंग मात्र जुनेच राहिले. 'स्वेन' म्हणजे मूळचा सेवक किंवा पोरगा. तोच शब्द होडीचे सुकाणू धरणाऱ्या 'कॉक्सन'मध्येही दडलेला आहे. मध्ययुगीन लढाऊ जहाजांच्या नाळेकडे, म्हणजे पुढच्या टोकाकडे, बुरजासारखा उंच भाग बांधत, म्हणून 'फोरकॅसल' असे लिहितात, पण म्हणतात 'फोक्सल'. होडीच्या वरच्या काठाला 'गनवेल' असे लिहून 'गनल' म्हणतात. 'टनल'शी त्याचे यमक जुळते. वाऱ्याच्या आडोशाची बाजू ती 'लूअर्ड'. जमिनीवरची माणसे तिला 'लीवर्ड' म्हणतात आणि ते चूक नाही, परंतु परीक्षेत आपण 'लूअर्ड'च म्हणावे.

अन्नसामग्री या अर्थाच्या, व्ही-आय-सी-टी-यू-ए-एल-एस असे लिहिल्या जाणाऱ्या 'व्हिटल्स'ची गोष्ट मला या सर्वांहून महत्त्वाची वाटते, कारण तिथे जिभेने काही गाळलेले नाही. हा शब्द फ्रेंचमधून आला तेव्हा त्यात 'सी' हे अक्षर नव्हतेच; पुढे विद्वानांनी लॅटिन मूळ दाखवण्यासाठी ते लेखणीने घातले आणि बोलणाऱ्यांनी ते कधीच स्वीकारले नाही. म्हणून 'व्हिक्च्युअल्स' असा उच्चार करू नये.

आपण कोकणातले आहात, म्हणून आणखी दोन शब्द सांगतो. इंग्रजी कोशात 'सरँग' हा शब्द सापडतो. तो आपला सारंगच आहे, मूळ फारसी, अर्थ हिंदी खलाशांचा मुकादम. आंग्र्यांच्या आरमाराविषयी आणि १७५६ मध्ये इंग्रजांनी घेतलेल्या विजयदुर्गाविषयी इंग्रजीत वाचाल, तेव्हा 'ग्रॅब' नावाची जहाजे भेटतील. ती आपली गुराब होय. अरबीत 'गुराब' म्हणजे कावळा. इंग्रजांच्या तोंडी त्यातला उकार गळाला आणि हिसकावणे या अर्थाच्या क्रियापदाशी तो शब्द उच्चारातही आणि स्पेलिंगमध्येही एकरूप झाला. त्यामुळे वाचताना वाक्याचा संदर्भ पाहूनच अर्थ लावावा लागतो.