गणिताची शंका: छाटलेला कंस आणि हरवलेलं मूळ

प्रश्न: माझी मुलगी दहावीत आहे. वर्गसमीकरणांच्या चाचणीत (क्ष − ३)(क्ष + २) = ७(क्ष − ३) हे गणित होतं. तिने दोन्ही बाजूंचा (क्ष − ३) छाटला आणि क्ष = ५ असं उत्तर लिहिलं. ५ ठेवून पाहिलं तर दोन्हीकडे १४ येतात. तरीही बाईंनी निम्मे गुण कापले. सामाईक अवयव छाटायला तर शाळेतच शिकवतात ना?
— एक पालक, ऐरोली

उत्तर: ताई, गुण कापले ते योग्यच झालं. ५ बरोबर आहे, पण उत्तर तेवढंच नाही. आता क्षच्या जागी ३ ठेवून पाहा. डावीकडे ० गुणिले ५, उजवीकडे ७ गुणिले ०. दोन्ही बाजू शून्य, म्हणजे ३ हेही मूळ आहे. आणि ते नेमकं तिने छाटलेल्या कंसातच होतं.

छाटणं म्हणजे दोन्ही बाजूंना त्या अवयवाने भागणं. अपूर्णांकात वरखालचे ७ छाटतो तेव्हा काळजी नसते, कारण ७ कधी शून्य होत नाही. (क्ष − ३) मात्र क्ष ३ असताना शून्य होतो, आणि शून्याने भागता येत नाही. त्यामुळे कंस छाटताना 'क्ष ३ नाही' असं आपण न बोलता गृहीत धरतो. पण क्ष किती, हेच तर शोधायचं असतं!

नौपाड्यातल्या माझ्या शिकवणीत मी मुलांना सगळं डावीकडे आणायला लावते: (क्ष − ३)(क्ष + २) − ७(क्ष − ३) = ०. आता (क्ष − ३) सामाईक काढा. उरतं (क्ष − ३)(क्ष − ५) = ०. गुणाकार शून्य, म्हणजे दोन्हींपैकी एक तरी शून्य. म्हणून ३ किंवा ५. एक ओळ वाढते, पण काही हरवत नाही. (क्ष वर्ग + १) सारखा अवयव असेल तर खुशाल छाटा; वास्तव संख्यांमध्ये तो शून्य होतच नाही.

मुलं हमखास विचारतात, "एक उत्तर मिळालं की झालं ना?" मग मी भास्कराचार्यांची माकडं काढते. मला ती फार आवडतात. बाराव्या शतकातल्या त्यांच्या 'बीजगणिता'त एक कळप आहे: त्याच्या आठव्या भागाच्या वर्गाइतकी माकडं वनात रमली आहेत, उरलेली १२ टेकडीवर. उत्तरं १६ आणि ४८, दोन्ही चालतात. दुसऱ्या कळपात पाचव्या भागातून ३ वजा करून आलेल्या संख्येच्या वर्गाइतकी माकडं गुहेत गेली आणि एक फांदीवर दिसतं. मुळं ५० आणि ५. पण ५ चा पाचवा भाग १, त्यातून ३ कसे वजा करणार? म्हणून ५ त्यांनी नाकारलं. तेही आधी मिळवून, मग कारण देऊन.

लेकीला आज हे गणित घाला: वर फेकलेल्या चेंडूची क्ष सेकंदांनंतरची उंची २०क्ष − ५(क्ष वर्ग) मीटर आहे, तर तो जमिनीच्या पातळीवर केव्हा असतो? क्ष छाटला तर फक्त ४ मिळेल. अवयव पाडले तर ० सुद्धा मिळेल, म्हणजे चेंडू फेकला तो क्षण.